कोल्हा काकडीला राजी

वाचकांचे प्रश्न, बाईंची उत्तरं. या वेळचा विषय : गोष्टींतले प्राणी

मागच्या अंकात मी सहज एक ओळ लिहिली होती, की मुलांच्या गोष्टींतले प्राणी हल्ली फार सभ्य झालेत. त्या ओळीनं पोस्टमनला कामाला लावलं. सगळ्या पत्रांना उत्तर देणं शक्य नाही, म्हणून निवडक घेतली आहेत.

नव्या वाचकांसाठी माझी ओळख. सोलापूरच्या पूर्व भागातल्या एका प्राथमिक शाळेत मी एकतीस वर्षं शिकवलं. खिडकीबाहेर यंत्रमागांची खटखट. वर्गातली अर्धी पोरं घरी तेलुगू बोलणारी, चार-सहा कन्नड, बाकीची मराठी आणि उर्दू. आता दर रविवारी सकाळी घराच्या गच्चीवर गल्लीतल्या मुलांना गोष्टी सांगते. प्राण्यांबद्दल जे थोडंफार कळतं ते माळावर हिंडून आणि माणसांना विचारून कळलेलं आहे.

माझा सहा वर्षांचा मुलगा रोज रात्री एकच विचारतो : कोल्हा खरंच द्राक्षं खातो का? त्याचे आजोबा म्हणतात, कोल्हा मांस खातो, ही गोष्टच खोटी. पुस्तकातल्या चित्रात तर कोल्हा तांबडाभडक आणि शेपटीचं टोक पांढरं. असा कोल्हा आम्ही कुणीच पाहिलेला नाही. त्याला काय सांगू?
— एक आई, जुळे सोलापूर

आधी चित्राचं बघू, कारण घोळ तिथूनच सुरू होतो. तुमच्या पुस्तकातला तो तांबडा प्राणी कोल्हा नाहीच. युरोपातल्या चित्रांवरून उतरवून घेतलेला तो तांबडा खोकड आहे. आपल्या माळावर दोन वेगळे प्राणी राहतात आणि मराठीत दोघांना वेगळी नावं आहेत. कोल्हा अंगानं गावठी कुत्र्यापेक्षा थोडा लहान, मातकट पिवळा, दिवेलागणीला कोल्हेकुई करणारा. खोकड त्याहून बारीक, मांजरापेक्षा जरासं मोठं, पाय काटकुळे, कान मोठे, शेपूट झुपकेदार. आणि त्या शेपटीचं टोक काळं असतं, पांढरं नाही. हिवाळ्यात पहाटे सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळाकडे गेलात आणि गाडीचा हॉर्न वाजवला नाहीत, तर बिळाच्या तोंडाशी ऊन खात बसलेलं खोकड दिसू शकतं. मी दोनदा पाहिलंय. दोन्ही वेळा त्यानं मला आधी पाहिलं होतं.

इसाप ग्रीसचा. त्याच्या गोष्टीत खोकड आहे. पंचतंत्र आपल्याकडचं. त्यात शृगाल आहे, म्हणजे कोल्हा. तंजावरला सरफोजीराजांच्या छापखान्यात १८०६ साली इसापच्या गोष्टींचं मराठी पुस्तक निघालं, 'बालबोध मुक्तावली' नावाचं. म्हणजे इसापचं आपल्याकडे येणंजाणं दोनशे वर्षांहून जुनं आहे. या येण्याजाण्यात कुठंतरी खोकडाचा कोल्हा झाला आणि मराठी कोल्ह्याच्या नावावर दोन घरच्या भानगडी जमा झाल्या. सिंह आणि बैलाची मैत्री तोडणारा दमनक तोच, कावळ्याच्या चोचीतला तुकडा पळवणाराही तोच. दमनक आणि त्याचा जोडीदार करटक यांनी तर परमुलखातही नाव काढलं. आठव्या शतकात पंचतंत्र अरबीत गेलं तेव्हा त्या पुस्तकाचं नावच या दोन कोल्ह्यांवरून पडलं, 'कलीला व दिम्ना'.

आता द्राक्षं. हा प्रश्न मलाही वर्गात एका पोरानं विचारला होता आणि तेव्हा मी "गोष्ट आहे रे ती" म्हणून वेळ मारून नेली होती. पुढं मनात राहिलं. आपण द्राक्षाच्या मुलखात राहतो. सोनाका ही जात नान्नजच्याच शेतकऱ्यानं काढलेली. मग तिथल्याच एका बागाईतदाराला विचारायला काय हरकत होती? एका फेब्रुवारीत गेले. माल ऐन तोडणीला आला होता. मांडवाखाली उभं राहून विचारलं, कोल्हा द्राक्षं खातो का हो?

"खातंय की ओ बाई," तो म्हणाला. "खाली पडलेलं मणी येचून खातंय. मांडवाचा घड त्याला कुठला गावतोय?"

आंबट असले तरी खातो?

"त्याला काय आंबट अन् काय गोड. गावलं की खातंय. आंबट हायत म्हणतंय ते येगळंच जनावर." त्यानं बांधाकडं हात केला. "व्यापारी. भाव पाडायचा असला की बांधावर हुभा राहून म्हणतोय, आंबट हायत."

इसापला ही आवृत्ती मिळाली असती तर त्यानं कोल्ह्याला घरी पाठवलं असतं.

तर मुलाला सांगा : कोल्हा मांस खातो, उंदीर खातो, किडे खातो, बोरं खातो, ऊस चघळतो आणि द्राक्षंही खातो. माळावर त्याची विष्ठा पाहिलीत तर बोरांच्या बिया सापडतील. (सोनाका बिनबियांची, त्यामुळे तिचा पुरावा मिळत नाही.) आजोबांना मात्र एक म्हण आठवून द्या. 'कोल्ह्याला द्राक्षं आंबट' ही बाहेरून आलेली. आपली घरची म्हण आहे, 'कोल्हा काकडीला राजी'. ज्यानं ती पहिल्यांदा म्हटली त्याच्या शेतात काकडीचे वेल होते आणि सकाळी उठून त्यानं अर्धवट खाल्लेल्या काकड्या मोजल्या होत्या, याबद्दल मला शंका नाही. पंचतंत्रातही कोल्हा आणि गाढव रात्री काकडीच्याच शेतात घुसतात. मला ही म्हण फार आवडते. तिकडचा कोल्हा मिळालं नाही म्हणून नाक मुरडतो, इकडचा मिळालं त्यावर खूश होतो. गंमत अशी, की ही म्हणही आपण वापरतो टिंगलीनंच. थोडक्यात भागणाऱ्याला आपण हसतो.

कोल्ह्याचा विषय निघालाच आहे तर निळ्या कोल्ह्याची गोष्ट मुलाला जरूर सांगा. चंडरव नावाचा कोल्हा कुत्र्यांपासून पळताना रंगाऱ्याच्या निळीच्या पिंपात पडतो, निळा होऊन जंगलात जातो आणि सगळ्यांचा राजा होतो. वर्गात ही गोष्ट सांगताना एकदा मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला. त्याचे वडील डाईंगमध्ये कामाला होते. म्हणाला, "बाई, तो आधी हिरवा निघाला असणार." का रे? "निळीतनं सूत काढलं की आधी हिरवट दिसतंय. वारं लागलं की निळं होतंय." मी पंचतंत्र दहा वेळा वाचलेली बाई, गप्प झाले. त्याचं खरं होतं, निळीचा रंग हवा लागल्यावरच उठतो. तेव्हापासून माझ्या गोष्टीत कोल्हा पिंपातून हिरवा बाहेर पडतो आणि पळता पळता निळा होतो. सोलापूरच्या मुलांना ते पटतं.

शेवटी हा राजा उघडा कसा पडतो ते आठवा. लांबून कोल्हेकुई ऐकू येते, त्याचे डोळे भरून येतात, अंगावर काटा येतो आणि तो मान वर करून तसाच ओरडतो. संपलं राज्य. इथं कोल्ह्याच्या जागी माणूस बसवून बघा. जमत नाही. माणूस गप्प बसला असता. कोल्ह्याला बसवत नाही. हे लक्षात ठेवा, पुढच्या एका पत्राच्या उत्तरात लागणार आहे.

माझ्या नातीला मी पुण्यकोटीची गोष्ट सांगितली. आमच्या घरी कन्नड बोलतात, माझ्या आईनं मला ती गाऊन दाखवली होती. शेवटी वाघ कड्यावरून उडी टाकतो तेव्हा नात ढसाढसा रडली. सून म्हणते, मुलांना असलं काही सांगू नका, शेवट बदला. आपलं मत काय?
— एक आजोबा, बाळीवेस

ज्यांना ही गोष्ट माहीत नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. पुण्यकोटी ही गाय चरायला गेलेली असताना वाघाच्या तावडीत सापडते. वासराला शेवटचं दूध पाजून परत येते, असा शब्द देते आणि खरोखर परत येते. ते पाहून वाघच खचतो आणि जीव देतो. दक्षिण सोलापूर-अक्कलकोटकडच्या कन्नड घरांत ही गोष्ट आजही आज्या गातात. आपल्या जिल्ह्याच्या मराठी पुस्तकांत ती फारशी येत नाही हे आपलं करंटेपण.

आजोबा, आपण एक लिहिलं नाहीत. नात कुणासाठी रडली? मी अंदाज करते, वाघासाठी. गच्चीवरची मुलं दर वेळी वाघासाठीच रडतात. गाय तर वाचली. एका मुलीनं मला विचारलं होतं, "त्याला दुसरं काही खाता आलं नसतं का?" वाघापुढं दुसरं काय होतं, या प्रश्नावर त्या दिवशी पाऊण तास गेला. हरिण आलं, ससा आला, मग हरणाच्या पिल्लाचं काय, तेही आलं. कुणी कुणाला समजावलं नाही. शेवटी एकजण म्हणाला, "भूक वाईट बे," आणि सगळे घरी जेवायला गेले.

शेवट बदलण्याचा प्रयोग मी एकदा केलेला आहे आणि तोंडावर पडलेली आहे. मुंगसाची गोष्ट आपल्याला ठाऊकच असेल. पाळण्यातल्या बाळाला सापापासून मुंगूस वाचवतं, आई पाणी घेऊन परत येते, मुंगसाचं रक्ताळलेलं तोंड बघते आणि बाळाला यानंच खाल्लं असं समजून भरली घागर त्याच्यावर घालते. त्या वर्षी वर्गात एका मुलाचा धाकटा भाऊ नुकताच गेला होता. मला धीर झाला नाही. घागर मुंगसाला लागली नाही, बाजूला फुटली, असं सांगून मी मोकळी झाले. वर्ग थोडा वेळ शांत. मग तोच मुलगा म्हणाला, "बाई, मग ती बाई रडली कशाला?"

रडण्याचं मी आधीच सांगून बसले होते. जीभ सवयीनं पुढं गेली होती.

दुसऱ्या दिवशी खरा शेवट सांगितला. तो मुलगा रडला नाही, पण मधल्या सुट्टीत माझ्या टेबलापाशी येऊन उभा राहिला. डबा तिथंच खाल्ला.

सूनबाईंचंही अगदी खोटं नाही. ही गोष्ट दिवा मालवायच्या आधी सांगायची नाही. दुपारी सांगा, सांगून झाल्यावर उठून जाऊ नका, आणि नातीनं काही विचारलं तर लगेच शहाणपणाचं उत्तर देऊ नका. शेवटाला मात्र हात लावू नका, आपल्या आईची गोष्ट आहे ती.

प्राण्यांना कपडे घातलेले चित्रात दाखवावेत की नाही? आमच्या वाचन मंडळात यावरून दोन गट पडले आहेत.
— एक वाचक, होटगी रोड

उंदराला टोपी हवी. टोपी नसेल तर राजा काढून घेणार काय, आणि उंदीर "राजा भिकारी, माझी टोपी घेतली" म्हणून गावभर ढोल कशावर पिटणार? विजार नको.

मी बावीस वर्षांचा आहे. मुलांसाठी विनोदी पुस्तक लिहितोय. एक बिबट्या मोबाईलचं दुकान काढतो, गिऱ्हाईकं येतात, उधारी होते, भांडणं होतात अशी गोष्ट आहे. मित्रांना वाचून दाखवली, कुणी हसलं नाही. बिबट्या असूनही का हसले नाहीत?
— एक होतकरू लेखक, मोहोळ

अरेतुरे करते, वयानं मोठी आहे. तुझी गोष्ट तीनदा वाचली. संवाद चांगले आहेत, उधारीचा भाग तर झकास आहे. पण बिबट्या कुठं आहे? तुझ्या दुकानात शटर सकाळी दहाला उघडतं, मालक चहा मागवतो, गिऱ्हाईकाला खुर्ची देतो. बिबट्याच्या जागी तुझे काका बसवले तर एक शब्द बदलावा लागत नाही. मित्र हसले नाहीत कारण त्यांना मुखवट्यामागचे काका दिसले.

वर कोल्ह्याच्या उत्तरात सांगितलेली गोष्ट इथं लाव. प्राणी काढून माणूस घातला की गोष्ट मोडली पाहिजे. माकड आणि मगरीची गोष्ट बघ. माकडाचं काळीज खायचा मगरीचा बेत, आणि माकड म्हणतं, अगं, काळीज जांभळाच्या झाडावरच राहिलं. एक झाडावर राहणारं, एक पाण्यात राहणारं, आणि मगरीला झाडावरचं काहीच माहीत नाही. म्हणून तिला ते खरं वाटतं. सगळा विनोद त्या जागेच्या फरकात आहे. आमच्या गच्चीवर ही गोष्ट मुलं नाटकासारखी करतात. एकदा मगर झालेल्या पोरानं पाण्यातून डोकं काढून झाडाकडं बघत विचारलं, "काय करलालास बे माकडा?" अख्खी गच्ची लोळली. मगर सोलापुरी बोलली म्हणून तर हसलेच, पण त्याहून जास्त हसले ते त्यानं अंग अजिबात न हलवता नुसते डोळे वर केले म्हणून. त्या पोरानं कुठंतरी मगर नीट बघितली होती.

आता तुझा बिबट्या. तो रात्री हिंडतो, एकटा राहतो आणि शिकार झाडावर नेऊन ठेवतो. मग त्याचं दुकान रात्री उघडू दे. दुरुस्तीला आलेले मोबाईल तो समोरच्या लिंबाच्या दुबेळक्यात नेऊन ठेवू दे. गिऱ्हाईक सकाळी आलं की शटर बंद आणि वर झाडात पंधरा मोबाईल वाजतायत. शेजारी दुसरा बिबट्या दुकान काढायला आला तर हा भांडण करणार नाही, भिंतीवर आपली खूण टाकून जाईल. शेजाऱ्यानं कितीही अगरबत्त्या लावल्या तरी तो वास जाणार नाही. बघ, आता काकांना तिथं बसवता येतं का.

मी स्वतः एक लिहायला घेतलं होतं, कधीच पुरं झालं नाही, तुला देऊन टाकते. म्हैस एका कचेरीत कारकून आहे. अर्ज आला की ती न वाचता गिळते. अर्जदार घाबरतो. म्हैस म्हणते, थांबा, रवंथ करताना वाचीन. संध्याकाळी लिंबाखाली बसून ती अर्ज परत वर आणते, डोळे मिटून चावते, मग पुढच्या कप्प्यात पाठवते. तिच्या पोटाला कप्पे चार आणि प्रत्येक कप्प्याचा शेरा वेगळा. अर्जदार रोज येऊन विचारतो, माझा अर्ज कुठपर्यंत आला? ती म्हणते, तिसऱ्यात आहे, उद्या या. ज्यांनी कचेरीत चकरा मारल्यात ते यावर हसतात, ज्यांनी म्हैस पाळली ते जास्त हसतात. शेवट सुचला नाही. अर्ज शेवटी कुठून बाहेर पडतो हे मुलं विचारतात, आणि उत्तर त्यांना माहीतच असतं.

मोठ्यांसाठी लिहायची इच्छा झाली तर व्यंकटेश माडगूळकरांचं 'सत्तांतर' वाच. तुझ्यापासून लांब नाही त्यांचं गाव, आटपाडीकडचं. माकडांच्या टोळ्यांमधली सत्तेची मारामारी आहे, त्यात एकही माकड माणसाचा सदरा घालत नाही, आणि तरी वाचणाऱ्याला आपल्या गावची निवडणूक आठवते. १९८३ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. विनोदी नाही. पण माकड किती वेळ बघितल्यावर लिहिता येतं, हे कळतं.

आणि एक. पहिलं पान लिहायच्या आधी चार दिवस कुणातरी प्राण्याकडं नुसतं बघत बस. बिबट्या नको, शेळीपासून सुरुवात कर. शेळी वाळत घातलेल्या चादरीकडे कशी जाते ते बघ. थेट कधीच जात नाही. आधी दुसरीकडे बघते.

आपल्या जिल्ह्याची ओळख म्हणजे माळढोक. त्याच्यावर मुलांची गोष्ट का नाही?
— एक शिक्षिका, उत्तर सोलापूर तालुका

कारण तो काहीच वाईट करत नाही. गोष्टीला लबाडी लागते, किंवा भूक, किंवा बढाई. थांबा, बढाई आहे! विणीच्या दिवसांत नर गळ्याखालची पिशवी फुगवतो, शेपूट उभारतो आणि घुमतो, लांबवर ऐकू जाईल असं. वजनानं दहा-बारा किलोच्या घरातला पक्षी, उडणाऱ्या पक्ष्यांत वजनदारांपैकी एक, आणि मिरवतो कसा तर लग्नातल्या मामासारखा. मादी वेगळी. जमिनीवरच, घरटं न बांधता, बहुतेक वेळा एकच अंडं घालते. एवढ्या मोठ्या उघड्या माळावर एक अंडं. यातच गोष्ट आहे, तुम्हीच लिहा.

नान्नजचं अभयारण्य १९७९ चं. मी तिथं पहिल्यांदा गेले तेव्हा माळढोक दिसला नाही म्हणून आम्ही हळहळत परत आलो होतो. आता तो दिसला तर वर्तमानपत्रात बातमी होते. मुलांना नेलं तर काळवीट दाखवा, खोकड दाखवा, धावीक पक्षी दाखवा. तो नाही हेही सांगा. आणि मारुती चितमपल्लींची ओळख करून द्या. ते १९३२ साली सोलापुरातच जन्मले, वनखात्यात नोकरी केली, पक्ष्याप्राण्यांची मराठी नावं आदिवासींकडून, फासेपारध्यांकडून गोळा करत हिंडले. २००६ च्या सोलापूरच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष तेच होते. २०२५ च्या जूनमध्ये ते गेले, तेही सोलापुरातच. ज्या माणसाला खोकड आणि कोल्हा यांतला फरक कळतो त्याच्याकडून मुलांनी आधी नावं शिकावीत, गोष्टी मग सुचतात.

आमच्या घरी तेलुगू. मुलगी मराठी शाळेत. प्राण्यांच्या गोष्टी तिला कुठल्या भाषेत सांगाव्यात?
— एक वडील, अशोक चौक परिसर

तुम्हाला ज्या भाषेत आवाज काढता येतात त्या. माझ्या वर्गात बेडूक मराठीत 'डराव डराव' करायचा आणि तेलुगूत 'बेकबेक'. एका पावसाळ्यात शाळेमागच्या डबक्यावर पोरांना नेलं, कोण बरोबर ते ठरवायला. दोन्ही बाजूंना वाटलं आपण जिंकलो. तुमचा नक्क, कन्नड नरी आणि आमचा कोल्हा, तिन्ही नावं तिला येऊ द्यात. पंचतंत्र तरी कुठं एका भाषेत राहिलं? अकराव्या शतकातच दुर्गसिंहानं ते कन्नडमध्ये आणलं होतं, कल्याणीच्या चालुक्यांच्या पदरी असताना. ते कल्याण म्हणजे आपल्या हैदराबाद रस्त्यावरचं बसवकल्याण.

बाई, मी पाचवीत आहे. गोष्टीत गाढव नेहमी मूर्खच का असतं? आमच्या गल्लीत वीटभट्टीवर जाणारं गाढव आहे. ते एकटं जातं, एकटं येतं, कधीच वाट चुकत नाही. माझा भाऊ चुकतो.
— एक वाचक, देगाव

तुझं पत्र सगळ्यांत शेवटी ठेवलं, कारण ते मला सगळ्यांत आवडलं.

गाढवावर पूर्वीपासून अन्याय झालाय. वर सांगितलेल्या काकडीच्या गोष्टीत काय होतं माहीत आहे? कोल्हा आणि गाढव रोज रात्री चोरून काकड्या खातात. एकदा चांदणं पडलेलं असतं, गाढवाचं पोट भरलेलं असतं, त्याला गाणं सुचतं. कोल्हा म्हणतो, नको, शेतकरी उठेल. गाढव म्हणतं, तुला संगीतातलं काय कळतं? आणि सात सुरांवर व्याख्यान देतं. कोल्हा कुंपणाबाहेर जाऊन बसतो. गाढव गातं, मार खातं. सगळे म्हणतात मूर्ख. मला मात्र ते तसं वाटत नाही. चांदण्या रात्री पोटभर काकड्या खाऊन ज्याला गावंसं वाटलं ते गाढव आणि गप्प बसून पळालेला तो कोल्हा, यातला कोण आवडतो ते तू ठरव.

गाढव अडून बसतं म्हणून लोक त्याला हट्टी म्हणतात. पण पुढं काही धोक्याचं वाटलं की घोडा उधळतो आणि गाढव जागच्या जागी थांबतं. विचार करतं. तुझ्या गल्लीतलं गाढव वाट चुकत नाही त्यात हा स्वभावही असेल. आपल्या संतांना हे माणसांपेक्षा आधी कळलं होतं. एकनाथांनी काशीहून रामेश्वरासाठी आणलेली गंगेची कावड वाटेत तहानेनं तडफडणाऱ्या गाढवाच्या तोंडात ओतली, ती गोष्ट आजीला विचार. आणि नामदेव, ज्यांची पायरी आपल्या पंढरपुरात आहे, ते पोळी पळवणाऱ्या कुत्र्यामागं तुपाची वाटी घेऊन धावले होते, कोरडी खाऊ नको म्हणून. या दोन्ही गोष्टींत प्राणी बोलत नाही, टोपी घालत नाही, शहाणपण शिकवत नाही. एकाला तहान लागलीय, एकाला भूक.

भावाला सांग, गाढवाच्या मागं मागं चालत जा, भट्टीपर्यंत बरोबर पोचशील. आणि मला दोन गोष्टी कळव. ते गाढव परत येताना रिकामं येतं का पाठीवर काही असतं? आणि त्याचं नाव काय? तू पत्रात लिहिलं नाहीस.